फीत

वर्षातून चार वेळा मी विहिरीत डोकावतो.
जानेवारी, मार्च, मे, ऑक्टोबर.
हातात पोलादी फीत, टोकाला शिशाचा गोळा,
शेवटच्या हातभर लांबीला खडू चोळलेला.
खडू जिथवर भिजतो, तिथे पाणी.
एवढंच काम. पगार सरकारी.

निंभोऱ्याच्या शिवारातली लीलाधर नेहेत्यांची विहीर
माझ्या वहीत पहिल्यांदा आली
तेव्हा खडू अकरा मीटरला भिजला होता.
काठावर त्यांचा सालदार, सुपडू तडवी,
बिडी विझवून म्हणाला,
"आमच्या बापानं तं वाकून तांब्या भरला भो यातून."
मी हसलो. माणसं विहिरीबद्दल वाढवूनच सांगतात,
हातातून सुटलेल्या माशाबद्दल सांगतात तसं.

तेव्हा बागेत बसराई होती.
घड पंधरा किलोचा, निसवण मागेपुढे,
एक झाड कापणीला आलं तर शेजारचं अजून कमळात.
मग प्रयोगशाळेतली रोपं आली काळ्या पिशव्यांतून,
एका आईची पाच हजार लेकरं,
सगळ्यांची उंची एक, जन्मतारीख एक.
अकरा महिन्यांत तीस किलोचा घड!
खोडाला बांबूचा टेकू द्यावा लागला.
लीलाधरभाऊ ओळीओळीतून चालत होते
लग्नघरातल्या बापासारखे, उगाच, काही न करता.

मी खोटं लिहिणार नाही.
सुपडूच्या घरावरचे पत्रे जाऊन स्लॅब आला.
त्याची रोशनबाई फण्या धुण्याच्या शेडवर हजेरीला लागली,
पतपेढीत आता सही करते, अंगठा नाही.
माझ्याही दोन एकरांत तीच रोपं आहेत.
मुलाचा चष्मा, आईच्या गुडघ्याची नवी वाटी,
दोन्ही केळीतून निघाले.

आणि ठिबकचा थेंब तर मोजूनच पडतो,
मुळाशी पडतो, वाया जात नाही.
वाचलेल्या पाण्यावर आम्ही आणखी एक बाग लावली.
त्या बागेत वाचलेल्या पाण्यावर
आणखी एक.

अकरा. एकोणीस. चौतीस.
सुकी नदीचं नाव लहानपणी थट्टेचं वाटायचं.

पूर्वी केळीनंतर हरभरा, मग ज्वारी,
जमिनीला बेवड पाहून पीक द्यायचे.
आता केळीवर केळी, केळीवर केळी.
सुपडू ढेकूळ फोडतो, नाकाशी नेतो,
"गोणीचा वास येते," म्हणतो, आणि टाकून देतो.
अंगणवाडीत पोरांना पाणी जारचं.
परवाच्या पावसाळ्यात पानांवर पिवळ्या रेघा उठल्या,
एका आईची लेकरं, एकाच आठवड्यात आजारी.
उपटून बांधावर ढीग घातला.
पंधरा दिवसांनी पुन्हा काळ्या पिशव्या,
कारण दुसरं काय लावणार, हे कुणालाच आठवेना.

या मे महिन्यात
फीत एकेचाळीसला थांबली. खडखड. दगड.
वर ओढली तर खडू पांढराच.
आता वही नाही, मोबाईलमध्ये भरायचं असतं.
मी टाईप केलं, 'कोरडी'.
त्याने घेतलं नाही. रकाना फक्त आकडे घेतो.
मी 'एकेचाळीस' भरलं, जणू तिथे पाणी होतं.
बाजूलाच सातशे फुटांची बोअर घुमत होती.
"पाणी हाये ना भो," लीलाधरभाऊ म्हणाले, "फक्त खाली हाये,"
आणि दोन फण्या माझ्या डिकीत ठेवल्या.
गोड होत्या. तेही लिहायला हवं.

रात्री एकला लाईट येते, शेतातला स्टार्टर फोन करतो.
मोटर चालू करण्यासाठी एक दाबा.
मी डोळे न उघडता दाबतो.
सकाळी काचेवर अंगठ्याचा ठसा,
पांढरा,
खडूचा.